अमोज्या

पारोळ्याच्या अलीकडे, बोरीच्या कोरड्या पात्रात
एक देव आहे; त्याला एक म्हणायचं नाही.
खळ्यात पहिल्या मापाला म्हणतात तसं
लाभ म्हणायचं,
आणि पुढे दोन नाही.

भावंडांत हा शेंडेफळ,
थोरल्या खुंटाईच्या बारशाला मात्र जेवलेला.
ती शेताशेतांत बांध घालते.
हा बांधावर बसून विचारतो,
बांध कुणाच्या शेतात?

त्याच्यापुढे कळण्याची एकच भाकर.
आल्यानं असेल त्यातली अर्धी खायची,
अर्धी ठेवायची.
कधी थापली विचाराल,
तर तवा अजून गरम आहे.

झिपरू मापाडी चैतात आला,
हयातभर दुसऱ्यांचं धान्य मोजलेला.
म्हणाला, आज हिचा हिशेब मिटवतो.
अर्धी खाल्ली. अर्ध्याची अर्धी.
रात्रभर.
पाठीमागून कुणीतरी हसत होतं:
सरनी का, भो?

उजाडता उजाडता नखावर एक कण.
मुंगी आली,
अर्धा घेऊन गेली.

पोट भरलंय की रिकामं, झिपरूला सांगता येईना.
उरलेल्या कणाकडे बघत
कोरड्या ओठांनी, निव्वळ सवयीनं,
तो म्हणाला,
लाभ.