रिकामी खोली, दुपार

मी लग्नांचं शूटिंग करायचो, काकाच्या हाताखाली,
अशोक चौकात.
हळद, अक्षता, पाठवणी, वरून ड्रोन.
पंगतीत म्हातारी माणसं फ्रेममध्ये आली
की काका म्हणायचा, पुढं सरक.

सिस्टर बेनितानं पहिल्या दिवशी सांगितलं,
इथं थांबायचं.

वृद्धाश्रमाच्या व्हरांड्यात मे महिना, चव्वेचाळीस अंश.
कॅमेरा ती ओल्या पंच्याखाली ठेवायची,
तापातल्या पोरासारखा.
तिचंही वय एकाहत्तर. बसता-उठता गुडघे वाजायचे,
माझ्या हेडफोनमध्ये अगदी स्पष्ट.
काढून टाकू का, विचारलं.
म्हणाली, राहू दे, तेही कामावरच आहेत.

एस्तेरबाईंनी चाळीस वर्षं विड्या वळल्या.
आता प्रार्थना आठवत नाही. 'हे आमच्या बापा' म्हणतात
आणि पुढं नुसतं बघणं.
पण जपमाळ हातात दिली की बोटं
पान मुडपतात, तंबाखू सारखी करतात, दोरा ओढतात,
आणि पंचवीस मणी झाले की थांबून
हवेतच कट्टा बांधतात.
मी हसलो. सिस्टर हसली नाही.
सात मिनिटं नुसते हात घेतले तिनं.
पुण्याहून आलेले फादर म्हणाले, जरा लांबतंय.
हो, म्हणाली. लांबलंच आहे त्यांचं.

पास्कल रणभिसे, मिलमधले जॉबर.
रोज पहाटे पावणेसातला मान वर करतात.
भोंगा झाला, म्हणतात. कॉटखाली चप्पल शोधतात.
मिल बंद पडली तेव्हा मी जन्मलोही नव्हतो,
तिथं आता प्लॉट पडलेत.
म्हटलं, सिस्टर, भोंग्याचा आवाज आहे लॅपटॉपवर,
टाकतो खाली, बघणाऱ्याला कळेल तरी.
ती बराच वेळ स्क्रीनकडं बघत राहिली.
नको रे अंबादास.
तो त्यांना येतो ऐकू. आपल्याला येत नाही.
तसंच दिसू दे.

तुम्हाला येतो का?
हे मी जेवताना विचारलं, धीर करून.
कडक भाकरी मोडत, चटणीवर तेल ओतत
ती म्हणाली, मधली काही वर्षं येत नव्हता.
तरी चप्पल घालून निघत होते.

शेवटी प्रत्येक खोलीत एक मिनिट
कुणी बोलायचं नाही, खोलीचाच आवाज घ्यायचा.
एस्तेरबाई जेवायला गेल्यात असं समजून
त्यांच्या खोलीतला घेतला.
फाइलला नाव दिलं : रिकामी खोली, दुपार.

ऑगस्टमध्ये त्या गेल्या.
काल एडिटला बसलो तर पंख्याच्या मागं,
खूप खाली, कुणाचा तरी श्वास.
आणि मण्यावर मणी. मी मोजले.
पंचवीसला थांबलं,
मग पुन्हा सुरू.

फाइलचं नाव बदलू का, विचारायला
सिस्टरला फोन लावला.
वाजत राहिला. चॅपलमध्ये असेल.