थेंब

टॅनर्स फोर्क, केंटकी. शाळेच्या जिममध्ये घडीच्या खुर्च्या,
आणि बोर्डासमोर माझे वडील,
रविवारचा कोट मंगळवारी घालून.
"डोळा," ते म्हणाले, "असा आपोआप होतो?
घड्याळाचा साधा काटा होत नाही."
टाळ्या. मागून कुणीतरी आमेन म्हटलं.

मग माझी पाळी. मी लोरीन, दहावीची जीवशास्त्राची बाई,
त्यांचंच आडनाव लावून उभी राहिले.
सांगितलं गुहेतल्या माशाबद्दल:
अंड्यात असताना डोळा फुटू लागतो त्याला,
मग विरत जातो, वरून कातडी येते.
"कोणता कारागीर आधी घडवतो आणि मग बुजवतो?"
एक मूल हसलं. बाकी खुर्च्यांची कुरकुर.

मतदान पुढं ढकललं.
पार्किंगमध्ये पिकअपची किल्ली त्यांनी
मुकाट माझ्या हातावर ठेवली.
रात्रीचं आता दिसत नाही त्यांना.
बारा मैल कुणी बोललं नाही.
हरणाचं पाडस आडवं आलं तेव्हा फक्त
"जपून."
त्यांना ते दिसलं, की माझा पाय ब्रेककडे गेलेला कळला,
कोण जाणे.

घरी, स्वयंपाकघरातल्या दिव्याखाली, मान मागे टाकून बसले.
काचबिंदूचं औषध: एक थेंब डाव्यात, एक उजव्यात.
खालची पापणी ओढली की आत लाल, ओलं,
कुणाचीच बाजू न घेणारं.

"तुझ्या आईचे डोळे आलेत तुला,"
मिटल्या पापण्यांनी ते म्हणाले,
"ते मात्र आपोआप, म्हण हवं तर."

बाटलीचं झाकण कुठं घरंगळलं होतं.
टेबलाखाली वाकून
मी ते बराच वेळ शोधत राहिले.