मापाच्या वहीतलं पान

उरकुडा हेडाऊ, गोळीबार चौक.
उंची तीन फूट दहा. छाती अठ्ठावीस.
पाठ साडेबारा.
उजवी बाही डावीपेक्षा पाव इंच कमी.
बाबांचं अक्षर, जांभळी पेन्सिल, सन त्रेपन्न.
खाली एकेचाळीस दिवाळ्यांच्या तारखा,
प्रत्येकीपुढे एकच शब्द: तेच.

पोरांना आम्ही टेबलावर उभं करून मापतो.
त्याच्यासाठी बाबा गुडघ्यावर बसत,
टेप तोंडात धरून,
आणि त्याला 'हेडाऊजी' म्हणत.

मागाच्या खड्ड्यात बसलं की सगळे कोष्टी सारखेच,
कमरेपासून वर तेवढेच दिसतात.
पण त्याचे पाय पावडीला पोचेनात.
बापानं पावडीवर लाकडाचे ठोकळे ठोकले,
दोन वर्षं त्यानं लुगड्यांचे काठ विणले
आणि एका कंपनीवाल्याबरोबर मुंबईला गेला.

तिथे तो दरबारातल्या तबकातून निघाला,
राक्षसाच्या पोटातून निघाला,
नायिकेच्या पेटाऱ्यातून, हंड्यातून, नगाऱ्यातून.
'कुठून ना कुठून निघतोच मी,' म्हणे,
'दारातून येनं काही माह्या नशिबात नाही.'
आवाज दुसऱ्याचा, किनरा.
त्याचा स्वतःचा जाड होता, बिडीनं खरखरलेला.

शर्ट मात्र इथलाच.
मुंबईत त्याच्या मापाच्या शर्टाला
खिशावर बदक असायचं.
त्याला ताठ कॉलर हवी, आत बिडीचा चोरखिसा,
आणि बाबा कापड खुणावू लागले की सांगायचा,
'माया नको सोडू बापा.
वाढत्या अंगाचा नाही मी.'

मी चौदा वर्षांचा, काज-बटनाला बसवलेला.
इतवारीत एक सिनेमा लागला होता, सहावा आठवडा.
सात वर्षांचं पोर आईचं औषध डोक्यावर धरून
पुराच्या पाण्यात उतरतं.
बायका पदरानं नाक पुसत होत्या.
पोर पाठमोरं झालं, त्यानं हात वर केले,
आणि उजवी बाही
पाव इंच वर.

'उरकुडा!' मी ओरडलो.
मागून कुणीतरी टपली मारली.
पोस्टरवर गालाला खळी पडणारा तो पोरगा होता.
नावांच्या यादीत डोळे फाडून पाहिलं, दोनदा तिकीट काढून.
पाठीचं नाव कुठेच नव्हतं.

दिवाळीत विचारलं. तो बशीतला चहा फुंकत होता.
'त्या पोराले पान्याचं भेव वाटे.'
मग बराच वेळ फुंकतच राहिला.
'मले वाटत नव्हतं असं नाही.
पन मले कोनी विचारलं नाही.
बाया रडल्या का?'
रडल्या, म्हटलं.
'मंग झालं.'

त्या पोराला पुढे मिशा फुटल्या, कामं सुटली.
दुसरं पोर आलं, मग तिसरं.
पाठ तीच. साडेबारा.

बाबा गेल्यावर मी गुडघ्यावर बसू लागलो.
चौऱ्याण्णवच्या मे महिन्यात, भर दुपारी,
डोक्यावर ओला दुपट्टा, काखेत गरम कापड,
तो दारातून आला.
कोट शिव म्हणाला.
मे महिन्यात कोट? म्हटलं, कूलर त्याच्याकडे वळवला.
'थंडीत मी असीन नसीन, तुले काय करायचं?'

टेप लावला. तेच.
खडू उचलला, तर त्यानं माझं मनगट धरलं.
'या बारीले आत माया ठेव. दोन इंच.'
काहून, हेडाऊजी?
त्यानं कापडावरून हात फिरवला,
काठ पारखणारा कोष्ट्याचा अंगठा.
'कापड आपलंच हाये ना,' म्हणाला.

कोट न्यायला पुतण्या आला, श्रावणात.
वहीत मी तारीख घातली.
पुढे 'तेच' लिहिलं, मग खोडलं,
आणि बाबांच्या पेन्सिलीचं थोटूक शोधून
लिहिलं: माया, दोन इंच.