राडलर, मंगफ, चौथा मजला

जुलैत आमच्या गार नळाला चहाचं पाणी येतं.
म्हणून गीझर बंद ठेवायचा,
आणि त्याच्या पोटातलं शिळं पाणी थंड म्हणून वापरायचं.
ही युक्ती शेजारच्या मरियम्माची.

दुसरी हायकेची.
ती आली होती खारं पाणी गोडं करण्याच्या प्लांटवर,
तीन महिने, पंपांचे कान पिळायला.
मी तिथेच, लॅबमध्ये.
समुद्रातून मीठ काढणं हा दोघींचा धंदा.
सुटलो की ती माझ्या ओट्याशी उभी राहायची,
मानेवर उन्हाचा लाल पट्टा,
आणि म्हणायची : अर्धं हे, अर्धं ते. झालं.

हे म्हणजे बिअर.
कुवेतात बिअर म्हणजे जवाचं पाणी,
डब्यावर शून्य टिंब शून्य,
नशा एवढीच, की उघडताना आवाज खरा येतो.
ते म्हणजे लिंबाचा सोडा, घरचा.
चार लिंबं. सालीचा पिवळा तेवढा किसायचा,
पांढऱ्याला हात नाही लावायचा,
कडू व्हायचं काम जवाचं.
पाक बोटाला चिकटेल, पण तार धरणार नाही.
मग बर्फासारखा सोडा, पेल्याच्या भिंतीवरून,
शेजारी ऐकू जाऊ नये इतका हळू.
वरून जव.
फेस दोन बोटं.
तीन झाला की हायकेची एक भुवई वर.

नाव काय, तर राडलर.
मी म्हटलं, आमच्यात राडा म्हणजे
भांडण, सांडलवंड, सगळा चिखल.
ती म्हणाली, आमच्यात म्हणजे सायकलवाला.
घाट चढून तहानेनं आलेल्याला
अख्खी बिअर पाजली तर उतारावर खड्ड्यात जाईल,
म्हणून अर्धी.
खरं की तिनं तिथेच रचलं, कोण जाणे.

ती गेली. तिचं मापाचं भांडं राहिलं,
अर्ध्याची रेघ घासून घासून पुसलेलं.
आता मी अंदाजाने ओतते.

आज एकोणपन्नास.
लिफ्ट परवापासून बंद.
बकाल्यातून रुहुल आला : सहा डबे, किलोभर लिंबं,
आणि न मागितलेली कोथिंबीर.
शर्टावर मिठाचे नकाशे.
खिडकीतून खाली पाहिलं तर त्याची सायकल,
खांबाच्या काडीएवढ्या सावलीत
चाक तेवढं बसवलेली.

आणि मला एकदम लाज वाटली.
दोन उन्हाळे मी हे करतेय.
नवऱ्याला दिलं, मरियम्माला दिलं,
सोहमच्या वाढदिवसाला अठरा जणांना दिलं,
सगळे गाडीवाले.

थांब, म्हटलं.
तो चपला काढून दारातच थांबला.
पेला हातात घेतला, वास घेतला.
"आपा, हराम तो नहीं ना?"
मी डबा पुढे केला. त्यानं तो फिरवून फिरवून
अरबी वाचलं, इंग्रजी वाचलं,
शून्यावर बोट ठेवलं, टिंबावर ठेवलं,
पुन्हा शून्यावर.
मग एक घोट. डोळे बारीक.
"अच्छा है," तो म्हणाला,
ज्या सुरात माझे सासरे सुनेच्या पहिल्या आमटीला म्हणाले होते.
"थोडा नमक होता तो…"

हायके, माफ कर.
दिवसभर ज्याला समुद्रातून हाकलते
ते मी चिमूटभर आणलं, काळं,
आणि टाकलं.

उसळलं ते!
दोन बोटं, चार बोटं, मनगट, कोपर,
ओटा, कोथिंबीर, फरशी, त्याचे अनवाणी पाय.
रुहुल घाबरून सॉरी आपा सॉरी आपा,
आणि मी ओट्याला धरून हसतेय.
राडा, म्हटलं मी. हाच तो.
त्याला काय कळणार.
पण पेल्यात उरलेलं त्यानं उभ्यानं संपवलं,
ढेकर दाबली, ती दबली नाही,
आणि तोही हसला.

खाली घंटी वाजली, दोनदा,
रस्त्यावर कुणी नसताना.
मी फडकं शोधत होते.