पांढरा दोरा

फिल्म सोसायटीचे सभासद एकवीस.
त्या रात्री आले नऊ, मध्यंतराआधीच उरले चार,
आणि प्रोजेक्टरच्या खोपटात माझे वडील,
दिगंबर पाठारे, राहणार ताडदेव.

सोळा मिलिमीटर, काळीपांढरी,
टोकियोहून वाट चुकून आलेली.
सबटायटल्स नाहीत.
एक माणूस रोज संध्याकाळी
बायकोची सावली दोऱ्याने मोजतो,
दोरा कापतो, तांदळाच्या डब्यात ठेवतो.
एवढंच. बाकी एक टेबलफॅन,
आणि भिंत, जिच्यापलीकडे
कुणीतरी नख घासत राहतं.

मोजताना तो काहीतरी पुटपुटतो.
बाबांना आधी वाटलं, आकडे असावेत.
मग वाटलं, कुणाचं तरी नाव.
मग एकदा जेवताना, आमटीत बघत, म्हणाले,
"माफी मागतोय गं तो."

रीळ सोमवारी परत पाठवायचं होतं.
सोमवार पुष्कळ आले.
सेक्रेटरी मस्कतला गेले, सोसायटी मिटली,
रीळ आमच्या पलंगाखाली,
माझ्या रबरी चपलांशेजारी.

रात्री, आवाज बंद करून, तीच दहा मिनिटं.
आमची खोली केवढीशी!
आई कुशीवर वळली की
तिच्या पाठीवर उभी राहायची ती परकी बाई,
श्वासाबरोबर फुगत, आखडत.
बाबा कुणाकडे बघत होते
हे मी विचारलं नाही.
आई जागी होती
हे मला माहीत होतं.
"दिवा थोडा डावीकडे घ्या," एवढंच म्हणाली ती,
एकदा, सगळ्या वर्षांत.

बाबा गेल्यावर रीळ उघडलं.
शिरक्याचा वास, फसलेल्या लोणच्यासारखा.
फीत चिकटून वडी झालेली,
उजेडासमोर धरली तर
एकही चेहरा सुटा होईना.

का कोण जाणे, मी उठले
आणि तांदळाचा डबा उपसला,
कोपरापर्यंत हात घालून.
तांदूळ. कडुलिंबाचा वाळका पाला.
तळाशी पत्रा.

आई दारातून बघत होती.
"काय शोधतेस? दोरे?
संपले ते कधीच.
दर जूनमध्ये तुझा युनिफॉर्म उसवून
कशाने लांब करत होते मी?"

निळा स्कर्ट. पांढरी शिलाई.
पाचवी ब मधल्या मुली हसल्या होत्या,
आणि मी घरी येऊन आईशी
दोन दिवस बोलले नव्हते.