मीठ

ऑस्टेंडला खिडक्यांवर खाऱ्या वाऱ्याचं पुट.
योरिस शिंपल्यांच्या दाढ्या उपटतो,
उघड्या शिंपल्यावर टिचकी: मिटला तर जिवंत.
लोण्यात कांद्याची पात, सेलरी,
मग बाटली.
बूच निघतं तेव्हा तो बंदराकडे बघतो.
एक वर्ष, नऊ दिवस.
बिअर फसफसत पातेल्यात उतरते,
बोटावर ओघळलेला थेंब
पँटला पुसतो.

झाकणाखाली शिंपले टकटक उघडतात.
साय शेवटी, आच विझवून, नाहीतर फाटते,
आई म्हणायची.
तिच्या रश्शाची चव जिभेच्या मुळाशी आहे;
तिथेच राहू दे.

"ग्रीट," तो लेकीपुढे चमचा धरतो,
"मीठ?"
ती डोळे मिटून बराच वेळ चाखते,
उगाच मोठ्या माणसासारखी.
"चिमूटभर."
तो घालतो,
आणि स्वतःसाठी बटाटे सोलायला घेतो.