पासंग

थ्रॉसगिलमध्ये माणसं दगडांत मोजतात.
वजन विचारलं की सांगतात, अकरा स्टोन, नऊ स्टोन.
पहिल्या वर्षी मला हसू यायचं.
आता माझ्याही कोटाच्या अस्तरात
ओढ्यातले सहा गोटे शिवलेले असतात.

कंब्रियाच्या या एकाच दरीत
वर्षातून तीनदा, चारदा, बहुधा मेंढ्या विण्याच्या दिवसांत
वजनाला ओहोटी लागते.
वारा नसतो. पक्षी आधीच उतरून
गवत चोचीत धरून बसलेले असतात.

माणसांत पहिल्यांदा कळतं ते माझ्या काट्याला.
मंगळवारी गावच्या हॉलमध्ये मी बाळं तोलते.
बाळ तेच, दुपटं तेच,
आणि काटा चारवरून तीनवर,
दोनवर,
मग थरथरत शून्याला टेकतो.
मी ओरडते : बांधा!

बांधतात. सवयीचे हात आहेत.
बाळ आईच्या पोटाला, आई खांबाला,
चहाची किटली नळाला.
बाहेर ओढा गोळ्या-गोळ्यांनी वर निघतो,
त्यात एखादा मासा, अजून पोहतोय असं समजणारा.
डोंगरावरच्या भिंतींत चुना नाही, माती नाही,
दोनशे वर्षं दगडावर दगड नुसत्या भाराने बसलेला;
भारच गेल्यावर भिंत उसवते,
आणि दगड चरायला सोडल्यासारखे पांगतात.

मेंढ्यांची भीती नसते एवढी. त्या ओरडतात तरी.
भीती असते बरं वाटण्याची.
गुडघे थांबतात दुखायचे. पाठ सुटते.
जीव हलका झाला, असं आपण म्हणतो ना,
ते इथे खरोखर होतं,
आणि दोर माणूस स्वतःच सोडतो.

भरती मात्र पायरव न करता येते.
जे जिथे असेल तिथून पडतं.
म्हणून छपरांच्या पाट्या एप्रिलनंतर बदलायच्या, आधी नाही.

आणि भरतीला हिशेब येत नाही.
कुणाचं वजन कुणाच्या अंगात टाकून जाते.
बर्केटबाईंच्या मांजरात एकदा ऐरण शिरली,
श्रावणघेवड्याच्या वाफ्यात बसली ती बसलीच,
जूनपर्यंत तिला बशीतून दूध भरवत होते.

गेल्या वर्षी आयझॅक टायसनने दोर सोडला.
मी त्याची बाही धरली होती.
तो म्हणाला, "नर्स, चहा निवतोय तुझा."
बटण माझ्या मुठीत राहिलं.
रात्रभर आम्ही कंदील घेऊन
तो पडल्याचा आवाज ऐकायला उभे होतो.
दगड पडले, मेंढ्या पडल्या, पाणी पडलं.

सकाळी माझ्या जिन्याची तिसरी पायरी करकरली.
कधी करकरत नव्हती.
आरशात मीच होते, हाडं दिसणारी,
काट्यावर साडेएकोणीस स्टोन.
डावा पाय जरा ओढत टाकते आता.
खुर्चीत बसताना कण्हते, आणि ते कण्हणं इंग्रजीत असतं.
त्याची कुत्री, मॉस, अंधारात ती पायरी वाजली
की येऊन दाराशी आडवी होते.

कराडच्या मंडईत आमचा भाजीवाला
तागडीच्या एका पारड्याला खालून खडा बांधायचा.
लबाडी आहे, लोक म्हणायचे.
तो म्हणायचा, पासंग आहे, ताई,
काढून बघा, रिकामी तागडीसुद्धा वाकडी लटकते.

आज मंगळवार. हॉलमध्ये सात बाळं.
काटा सकाळपासून शंका आल्यासारखा हलतोय.
ओहोटी लागली की हे तेरा दगड माझ्यातून निघतील,
वर कुठे कुणी असेलच तर त्याच्याकडे जातील,
आणि मग तो पडेल.

मी मॉसला आधी बांधलं आहे.
अंगणात गवताच्या गंजी पसरून ठेवल्या आहेत,
शेजारी विचारत होते, एवढ्या कशाला.